भोपळ्याएवढ्या डोक्याची फ्रेम

साबाए,
डिसेंबरची सुरुवात

ती. नोबुए ताईस,

शिगेहारूचा कपाळ चटईला टेकवून नमस्कार. (टेकवलेलं कपाळ हल्ली मिसाओला माझा दंड धरून वर उचलावं लागतं, पण पत्रात ते दिसत नाही, हा पत्राचा मोठाच फायदा.) तुझी तब्येत कशी आहे? दाजींचा गुडघा काय म्हणतो? ओसाकाच्या हवेने तो दुखतो असं दाजी म्हणतात. मला वाटतं तो दाजींच्या वजनाने दुखतो, पण मी पडलो धाकटा, माझं कोण ऐकतो. तू पाठवलेलं खारवलेलं शेवाळ पोचलं. मिसाओ म्हणते, फार छान आहे. मी त्यावर साखर घालून खाल्लं, त्यामुळे माझं मत विचारू नकोस. साखर का घातली ते पुढे येईलच. इकडे आभाळ गडगडायला लागलं आहे, म्हणजे बर्फ आलंच म्हणायचं. मिसाओने हिवाळ्याचा गारेगार योकान, तोच आपला गोड घेवड्याच्या वड्यांचा, आणून ठेवला आहे आणि शेगडीच्या टेबलाखाली पाय घालून आम्ही तो खातो. बाकी सगळं ठीक.

खुशाली संपली. आता खरं सांगतो. ताई, मला जवळचं दिसत नाही.

दूरचं सगळं दिसतं. देवळाच्या छपरावरचा कावळा कुठल्या पायावर उभा आहे ते मी अंगणातून सांगतो. पण हाताच्या अंतरावर आलेली कुठलीही वस्तू पेजेत बुडवून काढल्यासारखी दिसते. लोकांना चाळिशी चाळिशीत लागते. मला साठी उलटली तरी लागली नव्हती आणि त्याचा मी गल्लीभर तोरा मिरवला. (शेजारच्या त्सुबोकावाला तर मी दर नव्या वर्षाला भाताच्या दाण्यावरची रेघ मोजून दाखवायचो. दाण्यावर रेघ नसायची, पण त्याला कुठे दिसत होतं?) आता साखर आणि मीठ यांच्यातला फरक मला चाखल्यावर कळतो. दात घासायला घेतलेली नळी पायाच्या खाजेच्या मलमाची होती हेही चाखल्यावरच कळलं. तो सगळा दिवस माझी जीभ बधिर होती आणि मिसाओला वाटलं मी रुसलो आहे. घरोघर फिरणारी सूचनांची पाटी आली तेव्हा मी नेहमीच्या ऐटीत शिक्का मारून पुढे दिली. चौथ्या दिवशी निरोप आला की वर्षअखेरच्या बायकांच्या समूहगायनात उएसाकासानांनी, म्हणजे मी, आपणहून नाव दिलं, त्याबद्दल मंडळ आभारी आहे. आता दर गुरुवारी मी तिथे उभा असतो. मागच्या रांगेत, वरच्या पट्टीत.

हे सगळं मी सोसलं असतं. मलमसुद्धा सोसलं असतं. पण गोष्ट पोटावर आली आहे. चष्म्याची फ्रेम कापून, घासून, जोडून झाल्यावर तिला चकाकी देणं एवढंच आपल्या घराचं काम, आजोबांपासूनचं. फिरत्या कापडी चाकावर फ्रेम धरायची, अंगठ्याने चाचपायची, मग दिव्याखाली तिरपी करून बघायची. अंगठा अजून शाबूत आहे. खड्डा, उंचवटा, कोपरा, सगळं तो सांगतो. पण चकाकीतली पुसट रेघ अंगठ्याला कळत नाही, ती डोळ्यालाच दिसते. सप्टेंबरात कंपनीचा निवा आख्खी खेप परत घेऊन आला. फार सभ्य मुलगा आहे, त्यामुळे जास्तच लागलं. कमरेत वाकून म्हणाला की उएसाकासान, हवामानामुळे असेल, पण काही काड्यांवर गोगलगाय फिरून गेल्यासारखं दिसतंय. मी म्हटलं, हवामानच. चकाकीची नवीन पेस्ट जरा ओलसर आली आहे. दोघेही आभाळाकडे बघत उभे राहिलो. आभाळ निरभ्र होतं.

आता तू म्हणशील, मग चष्मा घाल ना बाबा. चष्म्यांच्या गावात राहतोस, रस्त्यावरच्या बाकांनाही जिथे चष्म्याचा आकार आहे तिथे तुला चष्मा मिळेना? ताई, ओसाकाला राहून तू गाव विसरलीस. (तुझ्यासाठी नाही, दाजींसाठी सांगतो. तू त्यांना पत्रं मोठ्याने वाचून दाखवतेस हे मला माहीत आहे. त्यांना कळलं तरी हरकत नाही, ते ऐकता ऐकता झोपतात.) मी चष्मा घातला की दुसऱ्या दिवशी निवाला कळणार. पॉलिशवाल्याला दिसत नाही म्हटल्यावर काम जाणार ते थेट नदीपलीकडच्या मोठ्या कारखान्यात, तिथे यंत्र पॉलिश करतं आणि यंत्राला चाळिशी लागत नाही. आपलं चाक एकदा थांबलं की पुन्हा कोणी फिरवणार नाही. आपल्यानंतर या घरात कोण आहे? मी आणि मिसाओ.

दुसरं म्हणजे, घालायचा कोणाचा? बाबांची गोष्ट वेगळी होती. तेव्हा गल्ली होती. बाबा वर्तमानपत्र लांब धरायला लागले ते गल्लीने बघितलं, कोणी एक शब्द बोललं नाही, आणि नव्या वर्षाच्या सकाळी सणाच्या लाल भाताच्या डब्यासोबत चष्मा दारात आला. ओकुमुरांनी कापलेला, त्सुबोकावाच्या वडिलांनी बिजागऱ्या बसवलेला. पॉलिश मी केलं होतं, कोणासाठी ते ठाऊक असून, बाबांच्याच शेजारी बसून. एक रेघ नव्हती त्याच्यावर. बाबांनी तो उलटा करून बघितला, म्हणाले, "नाकावरची कमान जरा जाड झालीय," आणि परसात जाऊन रडले. आपणहून मागायचा नाही, आपणहून विकत घ्यायचा नाही, गल्ली देईल तो घालायचा, अशी रीत होती. आता गल्ली कुठे आहे? ओकुमुरा आजोबा वृद्धाश्रमात, त्यांच्या कारखान्याच्या जागी गाड्या उभ्या असतात. त्सुबोकावाच्या बिजागऱ्यांच्या यंत्रावर निळी ताडपत्री आहे, कारण मुलगा नागोयाला विमा विकतो. (तोही चष्मा वापरत नाही, भिंगं डोळ्यांत घालतो. त्सुबोकावा हे कोणाला सांगत नाही, मला दोनदाच सांगितलं, दोन्ही वेळा प्यायल्यावर.) मेलेल्या रीतीची वाट बघत बसलो तर मी आंधळाच व्हायचो.

म्हणून ऑक्टोबरात मी कानाझावाला गेलो. मिसाओला सांगितलं, पेस्ट बदलून आणतो. (मिसाओला यातलं काहीही माहीत नाही आणि कळताही कामा नये. तिचा जीव उगाच टांगणीला लागेल.) तोंडाला मास्क, डोक्यावर टोपी, आणि स्टेशनजवळच्या एका अर्ध्या तासात चष्मा देणाऱ्या दुकानात मी चोरासारखा शिरलो. ताई, तुला काय सांगू. भिंतभर फ्रेमा, भाजीसारख्या मांडलेल्या. गिऱ्हाइकं बघ: एक पोरगी केसांच्या रंगाला जुळणारी फ्रेम शोधत होती आणि तिला भिंगं नकोच होती. तिला दिसत होतं, सगळं दिसत होतं, आणि तिला चष्मा हवा होता. एक जण एका हाताने ओढून चष्मा काढत होता, काडी आडवी ताणत, मला तर कोणी लहान मुलाचा कान ओढतंय असं वाटलं. एक बाई नवऱ्याला म्हणत होती, दोन घे, एक हरवेलच. गल्लीतली माणसं एका चष्म्यासाठी महिनोन्‌महिने वाकून बसायची आणि इथे एक हरवेलच.

मी मुकाट्याने एखादा उचलून पैसे टाकून निघालो असतो, तर आज हे पत्र लिहावं लागलं नसतं. पण हात ऐकेनात. पहिलीच फ्रेम घेतली आणि सवयीने काचेच्या टेबलावर उलटी ठेवली. डुगडुगली. एक काडी वर. आपल्याकडे अशी फ्रेम दाराबाहेर जात नाही. बाजूला गरम हवेचं यंत्र होतं, काडी जरा ऊन केली, अंगठ्याने दाबली, ठेवली. बसली. मग तिच्या शेजारची बघितली, तीही डुगडुगत होती. एवढ्याला दिसायची गरज नसते, ताई, ते हातांना कळतं, आणि कित्येक महिन्यांनी मला काहीतरी नीट येत होतं. मी मास्क खाली ओढला, बाह्या सरसावल्या आणि एकेक करून त्या भिंतीला शिस्त लावायला घेतली. थोड्या वेळाने मागे कोणीतरी खाकरलं. एक आजी आपला चष्मा पुढे करून उभ्या होत्या, कानामागे टोचतो म्हणाल्या. करून दिला. त्यांच्या मागे एक विद्यार्थी, त्याच्या मागे ती हरवेलच बाई. दुकानातल्या पोरींना वाटलं मला मुख्य कचेरीतून पाठवलंय, त्यांनी मला चहा आणून दिला.

शेवटी व्यवस्थापक आला. माझ्या नातवाच्या वयाचा, नातू असता तर. वाकून वाकून म्हणाला की असे हात त्याने कधी पाहिले नाहीत, आठवड्यातून तीन दिवस याल का, आणि कामाच्या वेळांचा एक कागद माझ्या हातात दिला. मी कागद जवळ धरला. लांब धरला. मग हात संपला. पोरगा माझ्याकडे बघत होता आणि मला ते कळत होतं. अगदी हळू आवाजात, कोणाला ऐकू जाणार नाही असं तो म्हणाला, "आजोबा, आधी तुमच्यासाठीच एक बनवू का?"

चांगलं बोलला तो. अपमान करायचा म्हणून नाही. पण आयुष्यभर फ्रेमा चमकवल्या आणि शेवटी कानाझावाच्या एका पोराने मला सांगावं! मी कागद टेबलावर ठेवला आणि दाराकडे वळलो, तर उन्हाच्या चष्म्यांच्या मांडणीआड एक माणूस उभा. मास्क नाकापर्यंत, लोकरीची टोपी भुवयांपर्यंत. मी त्याला कानांवरून ओळखला. त्याचा डावा कान उजव्यापेक्षा खाली आहे हे मला शाळेपासून माहीत आहे. त्सुबोकावा! म्हणजे हाही चोरून विकत घ्यायला आलेला. बिजागऱ्यांच्या घराण्यातला माणूस! मी म्हटलं, "इथे काय करतोस?" तर म्हणाला, "पेस्ट घ्यायला आलो." याच्या धंद्यात पेस्ट लागत नाही. पण मलाही पेस्टच घ्यायची होती. दोघेही काही न घेता परत निघालो, कारण एकाच्या देखत दुसरा काय घेणार.

गाडीत मला डुलकी लागली. जाग आली तेव्हा हा गृहस्थ माझ्या अंगावर ओणवा, आणि माझ्या एका कानामागून दुसऱ्या कानापर्यंत एक सुतळी धरलेली. मी म्हटलं, काय चाललंय? म्हणाला, "कोळी होता." म्हटलं, मग सुतळी कशाला? म्हणाला, "कोळ्यासाठी," आणि साबाए येईपर्यंत खिडकीबाहेर बघत बसला. ताई, त्याचंही डोकं चालेनासं झालं आहे. म्हणजे मित्र म्हणून एक होता, तोही गेला. घरी आल्यावर मला फार एकटं वाटलं, ते मी मिसाओला सांगितलं नाही. पेस्ट कुठे आहे असं तिने विचारलं. म्हटलं, संपली होती.

आणि आता ही नवी पीडा. मागच्या महिन्यात निवाने नेहमीच्या खोक्यात एक सुटी फ्रेम आणून दिली. काळी, जुन्या पद्धतीच्या सेल्युलॉइडची. ते आता कोणी वापरत नाही, मला वाटलं संपलंसुद्धा असेल. तिच्यावर कंपनीचं नाव नाही, नंबर नाही, काही नाही. खास मागणी आहे म्हणाला, तोक्योचे एक जुने गिऱ्हाईक, अगदी घाई नाही, पण उएसाकासानांनीच करावं असा आग्रह आहे. आग्रह करणाऱ्याचं डोकं बघायला हवं! ताई, एवढी रुंद फ्रेम मी जन्मात हातात धरली नाही. चेहरा आहे की भोपळा? कमान एवढी जाड की नाक आहे की उंबरठा, कळत नाही. बिजागऱ्या मात्र झकास बसवल्या आहेत, उघडताना लोण्यातून सुरी जाते तशा. आजकाल असं काम कोण करतं देव जाणे. कापणी जरा थरथरली आहे, एखाद्या फार म्हाताऱ्या हाताची वाटते. मी रोज थोडी थोडी चालवतो. अंगठा म्हणतो झाली, मग दिव्याखाली तिरपी करतो आणि मला फक्त काळोख दिसतो, चकाकता की नाही कुणास ठाऊक. निवा कधी येऊन पोचेल सांगता येत नाही. ही फ्रेम गोगलगाय घेऊन परत आली तर मी स्वतःच चाक बंद करणार आहे. त्या भोपळ्याचं भलं होवो, पण माझ्या हातून शेवटी वाईट काम जाऊ नये. एवढंच मला आता वाटतं.

असो. तुला काळजीत टाकायला लिहिलं नाही, सहज मन मोकळं केलं. सर्वांची प्रकृती जपा. दाजींना म्हणावं, जिने टाळा. थंडीत गळ्याभोवती लोकर गुंडाळत जा. उत्तराची घाई नाही, पण लिहिशील तेव्हा अक्षर मोठं काढ.

तुझा धाकटा,
शिगेहारू

ता. क. मिसाओने हिवाळ्याचे खेकडे पाठवायचं ठरवलं आहे. खोकं आलं की लगेच उघड.

ता. क. २. आणखी एक, फारसं महत्त्वाचं नाही. बाबांचं दिवसकार्य झाल्यावर आपण वाटण्या केल्या तेव्हा चाक मी घेतलं आणि चष्मा तू. तो अजून तुझ्या देव्हाऱ्यातच आहे ना? (दाजींनी तो घालून शर्यतीच्या घोड्यांची नावं वाचली होती, ते मी विसरलो आहे.) तो मला पाठव. उसना म्हणून. नवं वर्ष सुरू व्हायच्या आत, कापडात गुंडाळून, वर 'मनुके' असं लिहून. बाबांचा नंबर माझ्यापुरता जुळेल असं वाटतं, आणि गल्लीनेच दिलेला आहे, तेव्हा रीतही मोडणार नाही. कारखान्याचं दार लावून घालीन, कोणी बघणार नाही. खरं सांगायचं तर हे पत्र एवढ्यासाठीच लिहिलं. बाकीचं सगळं नसतं वाचलंस तरी चाललं असतं.

ता. क. ३. पाकिटावरच्या बारीक चौकटींत पिनकोड लिहिणं मला आता जमत नाही. पत्ता मिसाओकडून घालून घेतो. पाकीट आधीच चिकटवलेलं असेल, त्यामुळे काळजी नको.

वन्सं, नमस्कार. मी मिसाओ.

यांनी पाकीट चिकटवलं होतं, पण गोंद बाहेरच्या बाजूला लावला होता. पाकीट जेवणाच्या टेबलाला चिकटलं आणि पत्र माझ्या हातात आलं. वाचलं. रागावू नका.

मला दोन वर्षांपासून माहीत आहे. गल्लीलाही माहीत आहे. यांनी मंडळीत बसून वर्तमानपत्र उलटं धरलं तेव्हाच सगळ्यांना कळलं. पायाचं मलम मी आता वरच्या फळीवर ठेवलं आहे. कानाझावाला त्सुबोकावांना मीच पाठवलं होतं, यांनी काही विकत घेऊ नये म्हणून आणि जमलं तर डोक्याचं माप घेऊन या म्हणून. सुतळी माझ्या शिवणाच्या पेटीतली. त्यांनी यंत्रावरची ताडपत्री काढली, दोन दिवस यंत्र चालूच होईना. ओकुमुरा आजोबांना वृद्धाश्रमाच्या गाडीतून दुपारी तिथे आणायचो. त्यांचा हात हलतो, मी आणि त्यांची बायको त्यांचं कोपर धरायचो. सेल्युलॉइड त्यांनीच कुठे जपून ठेवलं होतं, बायकोलाही माहीत नव्हतं. निवासान सगळं ऐकून म्हणाले, फ्रेम मी खोक्यातून नेतो. नव्या वर्षापर्यंत काम थांबवणार नाही असंही म्हणाले. त्यापुढचं त्यांच्या हातात नाही. ते मला ठाऊक आहे, यांना नाही.

फक्त पॉलिशचं काय करायचं, ते कोणालाच सुचेना. गल्लीत पॉलिश करणारं दुसरं घर नाही. शेवटी यांच्याकडेच द्यावं लागलं.

परवा हे गाण्याला गेले तेव्हा मी फ्रेम दिव्याखाली तिरपी धरून बघितली. डाव्या काडीवर लांब रेघ राहिली आहे, अगदी त्यांनी लिहिलंय तशी. त्सुबोकावांनी बघितली. निवासानांनी बघितली आणि आभाळाकडे बघितलं. लाल भातासोबत ती तशीच दारात येणार आहे. यांनी चष्मा घातला की काडी कानामागे जाईल, मग ती यांना दिसायची नाही. काढून हातात घेतला की यांना जवळचं दिसत नाही. म्हणजे ती रेघ यांना कधीच दिसणार नाही, दुसरा चष्मा डोळ्यांवर नसेल तर.

म्हणून वन्सं, बाबांचा चष्मा पाठवू नका. दाजींनी मोडला म्हणून कळवा.